आवाज गेल्यावर उरतो तो अभिनय

मी रेल्वेच्या सिग्नल विभागात नोकरीला. शिक्षण डिप्लोमापर्यंतचे, कलेवर लिहिण्याचा माझा अधिकार नाही. पण गेल्या वर्षी मंडळाच्या एकांकिकेची तालीम पाहून आमचे बाबा म्हणाले, "तुमचं नाटक मला आता नुसतं दिसतं रे, ऐकू येत नाही." त्या रात्री मी त्यांना संगणकावर एक फ्रेंच मूकपट लावून दिला, 'ड्यूक ऑफ गीजची हत्या'.

हा जेमतेम पाव तासाचा चित्रपट १७ नोव्हेंबर १९०८ रोजी पॅरिसमध्ये दाखवला गेला. तोवर सिनेमा ही जत्रेतली करमणूक समजली जाई. 'फिल्म द'आर' या कंपनीने ठरवले की, सुशिक्षित प्रेक्षकही यायला हवा. कथा फ्रेंच अकादमीचे सदस्य आंरी लाव्हदां यांची, संगीत सां-साँस यांचे आणि नट 'कोमेदी-फ्रांसेझ' या नामवंत नाट्यसंस्थेचे. विषय इतिहासातला: १५८८ साली राजा तिसरा हेन्री याने प्रबळ प्रतिस्पर्धी ड्यूकला ब्ल्वाच्या राजवाड्यात बोलावून मारेकऱ्यांकरवी ठार केले.

या नटांची खरी दौलत म्हणजे त्यांची वाणी. कॅमेऱ्यापुढे नेमकी तीच निरुपयोगी! एरवीच्या मूकपटांत ही उणीव धावपळ आणि हातवारे यांनी भरून काढत. चित्रपटाचे एक दिग्दर्शक शार्ल ल बार्जी स्वतः राजा झाले होते. त्यांनी वेगळी वाट धरली. व्हिक्तोरँ जास्से या समकालीन दिग्दर्शकाने १९११ मध्ये लिहून ठेवले आहे की, हे नट धावत नव्हते, स्थिर राहत होते आणि त्यामुळेच परिणाम विलक्षण तीव्र होई.

सगळ्यांनाच हे जमले असे नाही. थोर अभिनेत्री सारा बर्नहार्ट यांनी १९१२ च्या 'राणी एलिझाबेथ'मध्ये रंगमंचावरचेच मोठे हावभाव ठेवले. आज ते भडक वाटतात.

मला हे आमच्या कामावरून पटते. सिग्नलला आवाज नसतो. खूण एकच आणि स्पष्ट हवी. संदिग्ध दिसली तर चालक गाडी थांबवतो.

बाबांना फ्रेंच येत नाही, पाट्या वाचण्याचा प्रश्नच नव्हता. तरी पडद्याकडे बोट दाखवून ते म्हणाले, "मारतोय राजा, पण घाबरलाय तोच." कितीतरी दिवसांनी त्यांनी मला "काय म्हणाला?" असे विचारले नाही.

यंदाच्या एकांकिकेत मला तीनच वाक्ये आहेत. दोन वाक्यांच्या मध्ये जरा थांबू द्या, अशी विनंती मी दिग्दर्शकांना केली आहे. बाबा पहिल्या रांगेत असतील.