मेंदूची नक्कल आणि माणसाची मोजदाद

डोक्याच्या आत काय चालते हे उमगण्याआधीच सत्ताधाऱ्यांनी डोक्याची बाहेरून मापे घेतली. १९०१ च्या जनगणनेचे आयुक्त हर्बर्ट रिस्ले यांनी तर नाकाच्या मापावरून जातींची उतरंड लावली. बाबासाहेबांनी १९४८ च्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथात नाकाच्या मापांचेच आकडे पुढे ठेवून अस्पृश्य हे वेगळ्या वंशाचे नाहीत असे दाखवून दिले. मेंदूच्या नकलेतून विचार करणारे यंत्र घडविण्याचा इतिहास मी वाचू लागलो तो हे मनात ठेवूनच.

या इतिहासात मला वॉल्टर पिट्स भेटला. १९२३ साली अमेरिकेतील डेट्रॉइट शहरात एका कामगाराच्या घरी तो जन्मला. पोरवयात घर सोडून शिकागोला आला आणि विद्यापीठात नाव न नोंदविताच व्याख्याने ऐकू लागला. मेंदूचे अभ्यासक वॉरन मॅक्युलक यांनी त्याला आपल्या घरी ठेवून घेतले. १९४३ मध्ये दोघांनी मिळून एक निबंध प्रसिद्ध केला. तेव्हा पिट्स अवघा २० वर्षांचा होता. त्यांची मांडणी साधी होती. मेंदूतील पेशीकडे येणारे संकेत ठराविक मर्यादेपलीकडे गेले की ती संकेत पुढे पाठविते, नाही तर गप्प बसते. अशा 'हो' आणि 'नाही'च्या जोडणीतून तर्कशास्त्राची विधाने मांडता येतात. खरी पेशी याहून गुंतागुंतीची असते. पण विचाराचे मूळ कुळात नव्हे, जोडणीत शोधायचे, ही दिशा येथे मिळाली.

१९५८ मध्ये फ्रँक रोझेनब्लॅट यांनी 'परसेप्ट्रॉन' मांडला. चूक झाली की पेशींमधील जोडांचे वजन कमीअधिक करायचे. यंत्र उदाहरणांवरून शिकते ते असे. आजची यंत्रेही याच वाटेने पुढे आली आहेत.

पण उदाहरणे कोण निवडतो? २०१८ साली जॉय बुओलाम्विनी आणि टिमनिट गेब्रू या संशोधक स्त्रियांनी चेहऱ्यावरून स्त्री-पुरुष ओळखणाऱ्या तीन यंत्रणा तपासल्या. गोऱ्या पुरुषांच्या बाबतीत चूक फार तर शेकडा ०.८, काळ्यासावळ्या स्त्रियांच्या बाबतीत ती शेकडा ३४.७ पर्यंत गेली! पेशीला जात नसते, वर्ण नसतो. विषमता आली ती शिकविणाऱ्या समाजातून.

बाबासाहेब मापांवर नुसते चिडले नाहीत. त्यांनी आकडे तपासले. आपल्या मुलामुलींनीही हे गणित शिकले पाहिजे. नाही तर उद्याची उतरंड यंत्र लावील, आणि ती विज्ञानाच्या नावाने आपल्या माथी मारली जाईल.