लोणारचा दगड आणि ध्रुवावरचा कॅमेरा

लोणारला शाळेची सहल नेली, की मुलं काठावर उभी राहतात, खाली सरोवराकडे बघतात आणि हमखास एकच प्रश्न विचारतात, "सर, मग तो दगड कुठं आहे?" एवढं मोठं विवर, 1.83 किलोमीटर व्यासाचं, दीडशे मीटर खोल, ते ज्यानं पाडलं त्याचा एखादा तुकडा तरी इथं असायला हवा, हा त्यांचा हिशेब. मुलांचा हिशेब बरोबर असतो. उत्तर देताना माझीच पंचाईत होते.

हे उत्तर मला बऱ्याच वर्षांनी एका माहितीपटात सापडलं, आणि तोही लोणारचा नव्हता, दक्षिण ध्रुवाकडचा होता. म्हणून आज ध्रुवीय संशोधनावरच्या माहितीपटांविषयी बोलायचं आहे. बुलढाणा जिल्ह्यात, घाटावर काय आणि घाटाखाली काय, बर्फ म्हटलं की आपल्याला गारांचा पाऊस आणि त्यात झोपलेला गहू आठवतो. तरीही हा विषय वाटतो तितका लांबचा नाही.

आमच्या पिढीनं माहितीपट पाहिले ते मुख्य चित्रपटाच्या आधी. फिल्म्स डिव्हिजनचा वृत्तपट किंवा अनुबोधपट दाखवणं सिनेमागृहांना बंधनकारक होतं. अर्धे लोक तेवढ्यात पान खाऊन येत. त्यामुळे माहितीपट म्हणजे खऱ्या सिनेमाआधीचा वेळ, अशी आपली समजूत झाली. ध्रुवावर मात्र कॅमेरा अगदी सुरुवातीपासून मोहिमेचा भाग होता. त्याचं एक कारण व्यवहाराचं होतं. मोहिमेला पैसा लागे आणि चित्रं दाखवून तो उभा करता येई.

इंग्रज कॅप्टन स्कॉट 1910 मध्ये 'टेरा नोव्हा' जहाजातून निघाला, तेव्हा हर्बर्ट पाँटिंग नावाचा छायाचित्रकार त्याच्याबरोबर होता. जहाजाच्या कडेला बाहेर काढलेल्या फळ्यांवर पालथा पडून त्यानं जहाजाचं नाक बर्फ कसं फोडतं ते टिपलं. त्यानं पेंग्विन टिपले, सील टिपले. शेवटच्या प्रवासाला निघण्यापूर्वी स्कॉट आणि त्याच्या साथीदारांनी तंबूत स्वयंपाक कसा करतात, झोपतात कसे, हे कॅमेऱ्यापुढे करून दाखवलं, तेही टिपलं. पुढं 1924 मध्ये या सगळ्याचा 'द ग्रेट व्हाइट सायलेन्स' हा चित्रपट झाला. आज तो बघताना अंगावर काटा येतो, कारण तंबूत हसणारी ती माणसं परत येणार नाहीत, हे आपल्याला ठाऊक असतं.

पण ध्रुवापर्यंत कॅमेरामन गेला नव्हता. पाँटिंग तळावर राहिला आणि 1912 च्या मार्चमध्ये जहाजानं परतला. त्याच वर्षी 12 नोव्हेंबरला शोधपथकाला स्कॉटचा तंबू सापडला. आत तीन मृतदेह होते आणि जवळच्या घसरगाडीवर सुमारे 16 किलो दगड होते. उपाशी, थकलेल्या, गोठत चाललेल्या माणसांनी ते ओझं शेवटपर्यंत टाकलं नव्हतं. त्या दगडांत एका लुप्त वनस्पतीच्या पानांचे ठसे होते. तपासणी झाली तेव्हा ती ग्लॉसॉप्टेरिस निघाली, आणि तिच्या त्या जातीचं नाव होतं 'इंडिका'. ही वनस्पती भारतातल्या कोळशाच्या थरांतून आधीच माहीत होती. आपल्या विदर्भातल्या चंद्रपूर आणि कामठीकडच्या खडकांतही तिचे ठसे मिळतात. भारत आणि अंटार्क्टिका कधीकाळी एकाच भूखंडाचे भाग होते, याचा तो भक्कम पुरावा ठरला. त्या भूखंडाचं नाव गोंडवन, म्हणजे आपल्या शेजारच्या गोंडांच्या मुलखावरून पडलेलं. इतकी मोठी गोष्ट, पण कॅमेऱ्यात ती नाही.

त्यानंतर महिनाही झाला नव्हता. 5 डिसेंबर 1912. अंटार्क्टिकाच्या दुसऱ्या एका भागात डग्लस मॉसनची ऑस्ट्रेलियन मोहीम काम करत होती. फ्रँक बिकरटनच्या तुकडीला बर्फावर एक काळा दगड दिसला, साधारण एक किलोचा. अंटार्क्टिकावर सापडलेली ती पहिली अशनी. (आकाशात जळताना दिसते ती उल्का, आणि जमिनीवर पोचून उरतो तो दगड म्हणजे अशनी.) या मोहिमेत फ्रँक हर्ली हा अव्वल दर्जाचा कॅमेरामन होता. हाच हर्ली पुढं शॅकलटनच्या बुडत्या जहाजातून गोठत्या पाण्यात उतरून निगेटिव्ह वाचवणार होता. पण त्या दिवशी तो दुसऱ्या तुकडीबरोबर दक्षिण चुंबकीय ध्रुवाच्या दिशेनं गेला होता. म्हणजे एका महिन्यात दोन दगड हाती आले आणि दोन्ही वेळा कॅमेरा भलतीकडेच होता.

मला यात नुसता योगायोग दिसत नाही. पुढंही बराच काळ कॅमेरा वीराच्या मागे धावला. 1930 मध्ये अमेरिकेच्या रिचर्ड बर्डच्या विमानमोहिमेवरचा चित्रपट आला आणि छायाचित्रणाचं ऑस्कर घेऊन गेला. नंतर दूरचित्रवाणीचे दिवस आले, आणि पेंग्विन कधी वीराची जागा घेऊन गेले ते कळलंच नाही. शास्त्रज्ञ करतो काय? तासन्‌तास वाकून बघतो, मोजतो, पिशवीवर क्रमांक घालतो. यात नाट्य कुठून आणायचं, असा दिग्दर्शकांचा प्रश्न असावा.

त्याला चांगलं उत्तर दिलं ते वेर्नर हर्झोग या जर्मन दिग्दर्शकानं. 2007 च्या 'एन्काउंटर्स ॲट द एंड ऑफ द वर्ल्ड' या माहितीपटासाठी तो एकच कॅमेरामन घेऊन अमेरिकेच्या मॅकमर्डो तळावर गेला. पेंग्विनचा आणखी एक सिनेमा मी करणार नाही, हे त्यानं आधीच सांगून टाकलं होतं. बर्फाला कान लावून खालच्या सीलचे आवाज ऐकणारे शास्त्रज्ञ त्यात दिसतात, आणि बर्फाखाली बुडी मारणारेही. एरेबस ज्वालामुखीच्या तोंडाशी काम करणारा क्लाइव्ह ओपनहायमर त्याला तिथंच भेटला. या दोघांनी मिळून 2020 मध्ये 'फायरबॉल' केला, आणि माझं उत्तर त्यात होतं.

त्यात कोरियाच्या ध्रुवीय संशोधन संस्थेचे लोक निळ्या बर्फावर अशनी शोधताना दिसतात. दगड सापडतो आणि एक प्रौढ शास्त्रज्ञ लहान मुलासारखा आनंदानं ओरडतो. 1912 चा तो राहून गेलेला क्षण शंभराहून अधिक वर्षांनी पडद्यावर आला, असं मला वाटलं.

अशनी पृथ्वीवर सगळीकडेच पडतात. मग अंटार्क्टिकावरच इतक्या का मिळाव्यात? तिथला बर्फ स्थिर नसतो, तो मधल्या भागातून समुद्राकडे अतिशय संथ सरकतो आणि पोटात पडलेले दगड घेऊन चालतो. वाटेत डोंगर आडवा आला, की अडतो. वरून कोरडा वारा त्याची एकेक पापुद्र्यानं वाफ करून नेतो आणि हजारो वर्षांचे दगड उघडे पडतात. खळ्यावरची उफणणी आठवा. वारा भुसा नेतो, दाणा खाली राहतो. 1969 मध्ये जपानी तुकडीला यामातो डोंगराजवळ नऊ अशनी एका भागात मिळाल्या. त्या एकाच दगडाचे तुकडे नव्हत्या, वेगवेगळ्या प्रकारच्या होत्या. त्यातून ही उफणणी लोकांच्या लक्षात आली. आज जगातल्या ज्ञात अशनींपैकी निम्म्याहून अधिक अंटार्क्टिकावरच्या आहेत.

आपणही या कामात आहोत. डॉ. कासीम यांच्या नेतृत्वाखालची पहिली भारतीय मोहीम 6 डिसेंबर 1981 ला गोव्याहून निघाली आणि 9 जानेवारी 1982 ला अंटार्क्टिकावर उतरली. त्याच जानेवारीत अमेरिकन तुकडीला तिथं एक दगड सापडला, तो पुढं चंद्रावरून आलेला निघाला. 1983-84 च्या मोहिमेत नागपुरात जन्मलेल्या डॉ. अदिती पंत आणि भूशास्त्रज्ञ डॉ. सुदीप्ता सेनगुप्ता होत्या. तिथं पोचलेल्या या पहिल्या दोन भारतीय महिला. गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेतल्या संशोधकांनी आपल्या 'मैत्री' तळाकडच्या बर्फातून अंतराळातली धूळ वेगळी काढून तपासली आहे. आमच्या मुलांना पेंग्विन तोंडपाठ आहेत, अदिती पंतांचं नाव मात्र वर्गात एखाद्यालाच माहीत असतं. अशा कामावर मराठीत, निवांत, हात आणि हत्यारं दाखवणारा एखादा माहितीपट हवा, ही माझी जुनी तक्रार आहे.

'फायरबॉल'मध्ये भारतातलं विवरही आहे. मी खुर्चीत सरसावून बसलो, तर ते राजस्थानातलं रामगढ निघालं! जरा चुटपुट लागली. त्याच वर्षी जूनमध्ये लोणारचं पाणी गुलाबी झालं आणि सगळे कॅमेरे इकडे धावले, पण ते पाण्यासाठी. लोणारची खरी गोष्ट 1970 च्या दशकाच्या सुरुवातीची आहे. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण आणि अमेरिकेची स्मिथसोनियन संस्था यांच्या शास्त्रज्ञांनी तळाशी छिद्रं पाडून खालचे खडक वर काढले. त्यांत प्रचंड धक्क्याशिवाय तयार न होणारी काच मिळाली. विवर ज्वालामुखीचं नाही, आघाताचं आहे, हे 1973 मध्ये प्रसिद्ध झालं.

आणि दगड? आघाताच्या उष्णतेत त्याची बहुतेक वाफ झाली, काही वितळून इथल्याच खडकात मिसळला. काचेच्या बारीक मण्यांत त्याच्या रासायनिक खुणा तेवढ्या मिळतात. एखादा तुकडा उरला असताच, तरी आपल्या पावसात तो कधीच गंजून गेला असता. शिवाय भोवती सगळा काळा बेसॉल्ट. पांढऱ्यावर काळं दिसतं, काळ्यावर काळं कसं दिसावं?

यंदा मुलांना अंटार्क्टिकाचा तो भाग शाळेच्या प्रोजेक्टरवर दाखवला आणि अशनीत लोह असतं, असं सांगितलं. पुढच्या सोमवारी सातवीतला एक मुलगा दप्तरातून शेताच्या बांधावरचे पाच काळे दगड घेऊन आला. प्रयोगशाळेतला लोहचुंबक दोरीला बांधून जवळ नेला, तर तो पाचांकडेही किंचित ओढला गेला. वर्गात एकच गलका झाला. आपल्या बेसॉल्टमध्येही चुंबकी लोहखनिज असतं, हे सांगायला मला तो तास पुरला नाही.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)