स्वप्नांचा उपसा (द मॅरो थीव्हज)

'द मॅरो थीव्हज' (शब्दशः अर्थ 'मज्जाचोर') ही कॅनडातील मेटी समाजाच्या लेखिका चेरी डिमलाइन यांची इ.स. २०१७ साली प्रकाशित झालेली इंग्रजी किशोर-कादंबरी आहे. माणसाच्या अस्थिमज्जेतून स्वप्ने काढून ती इतरांना देण्याचे एक काल्पनिक तंत्र तिच्या केंद्रस्थानी आहे. प्रस्तुत लेखात त्या तंत्राचा, त्याच्या सामाजिक परिणामांचा आणि त्यामागील इतिहासाचा परिचय करून दिला आहे. लेखात कथानकाचा शेवट उघड होतो.

पार्श्वभूमी

कथा नजीकच्या भविष्यकाळात घडते. हवामानबदलामुळे किनारे खचले आहेत, शहरे ओस पडली आहेत आणि बहुसंख्य माणसांची स्वप्ने पडण्याची शक्ती नाहीशी झाली आहे. त्यातून वेड आणि आत्महत्या पसरतात. मूलनिवासी समाजांची स्वप्ने मात्र शाबूत राहतात. ती त्यांच्या हाडांतील मज्जेत वसतात, असे कादंबरीचे गृहीतक आहे. आपण एखादी गोष्ट हाडीमासी खिळली असे म्हणतो, ते येथे अक्षरशः खरे मानले आहे. आयुर्वेदातील सप्तधातूंपैकी सहावा धातू म्हणून मज्जा हा शब्द मराठी वाचकास परिचित आहे. आधुनिक शरीरशास्त्रानुसार मज्जेत रक्तपेशी तयार होतात, स्वप्ने नव्हेत. प्रत्यक्षातील मज्जादानानंतर दात्याच्या शरीरात मज्जा पुन्हा तयार होते. कादंबरीतील उपशातून मात्र माणूस वाचत नाही.

तंत्र आणि त्याची अंमलबजावणी

यंत्राचे सविस्तर वर्णन कादंबरीत नाही. पात्रांना ठाऊक आहे ते पळून आलेल्यांच्या तोंडून आणि अफवांतून. ही उणीव नसून लेखिकेची योजना असावी, कारण ज्यांच्यावर यंत्र चालते त्यांना ते कसे चालते हे कोणीच समजावून सांगत नाही. उपसा कसा सुरू झाला याची हकीकत मात्र तपशिलाने येते. मिग हा वडीलधारा पुरुष आपल्या टोळीतील मुलांना ती 'गोष्ट' म्हणून वारंवार सांगतो. प्रथम लोक मूलनिवासींकडे मार्गदर्शन मागण्यासाठी आले. मग वैद्यकीय चाचण्यांसाठी स्वयंसेवक हवेत अशा जाहिराती निघाल्या. स्वयंसेवक पुरेनात, तेव्हा तुरुंगांतील मूलनिवासी कैद्यांचा वापर झाला. शेवटी जुन्या निवासी शाळांच्या नमुन्यावर नव्या 'शाळा' उभारल्या गेल्या आणि माणसे पकडून आणण्यासाठी 'रिक्रूटर' म्हणजे भरतीवाले नेमले गेले. विनंतीपासून सक्तीपर्यंतची ही वाटचाल कादंबरीतील सर्वांत विश्वसनीय भाग आहे.

काढलेला द्रव काचेच्या कुप्यांत साठवला जातो. मिगला अशा कुप्या सापडतात. त्यांवर नावे नसतात. क्रमांक, वय आणि वंश एवढीच नोंद असते. कोणत्या कुपीत कोण आहे हे कळण्याचा मार्ग नसल्याने तो त्या सर्व एका सरोवरात रित्या करतो. त्याचा जोडीदार आयझॅक पूर्वीच पकडला गेलेला असतो.

सामाजिक परिणाम

निवेदक फ्रेंची हा किशोरवयीन मुलगा आहे. आरंभीच त्याचा भाऊ मिच त्याला वाचविताना भरतीवाल्यांच्या हाती लागतो. पुढे मिगच्या टोळीत त्याला नवे कुटुंब मिळते, पण त्यात रक्ताचे नाते अपवादानेच आहे. उपशाच्या भीतीने जुनी कुटुंबे मोडली आणि उत्तरेकडे पळता पळता नवी जुळली, हा पहिला परिणाम होय. दुसरा अधिक कटू आहे. जंगलात भेटलेले लिंकन आणि ट्रॅव्हिस हे दोघे मूलनिवासीच असून टोळीवर उलटतात. त्या प्रसंगी लहानगी रीरी मरण पावते आणि फ्रेंची प्रथमच माणसावर गोळी झाडतो. शरीराला बाजारात किंमत आली की आपल्याच माणसाचीही खात्री उरत नाही. ज्यांना ही स्वप्ने मिळतात त्यांचे जीवन मात्र कादंबरीत जवळजवळ दिसत नाही.

भाषा आणि यंत्राचा पराभव

टोळीतील वृद्धा मिनर्व्हा हिला आपली पूर्वजांची भाषा अस्खलित येते. मुलांना तिचे मोजके शब्दच ठाऊक असतात आणि एकेका शब्दासाठी ती आसुसलेली असतात. मिनर्व्हाला शाळेत नेऊन यंत्राला जोडले जाते, तेव्हा ती आपल्या भाषेत गाऊ लागते. यंत्रणा कोलमडते आणि शाळा जळून खाक होते. पूर्वीच्या शाळांनी जी भाषा मुलांच्या तोंडून काढून घेतली, तीच येथे यंत्राला न पेलणारी ठरते. मिनर्व्हाला सोडविण्याच्या प्रयत्नात तिचा मृत्यू होतो. पण शेवटी आयझॅक जिवंत सापडतो. तो स्वप्ने कोणत्या भाषेत पाहतो, हाच प्रश्न तेव्हा महत्त्वाचा ठरतो. उत्तर आहे: क्री भाषेत.

ऐतिहासिक संदर्भ

कादंबरीतील शाळा निव्वळ कल्पित नाहीत. कॅनडात एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून सरकारच्या पैशाने आणि चर्चसंस्थांच्या व्यवस्थापनाखाली निवासी शाळा चालत. इ.स. १९२० मध्ये उपस्थिती कायद्याने सक्तीची झाली. दीड लाखांहून अधिक मुले या शाळांत गेली. तेथे मातृभाषा बोलल्याबद्दल शिक्षा होई. हजारो मुले मरण पावली. इ.स. १९४० च्या दशकात काही शाळांतील कुपोषित मुलांवर पोषणविषयक प्रयोग करण्यात आले. अखेरची शाळा इ.स. १९९० च्या दशकात बंद झाली. इ.स. २००८ मध्ये पंतप्रधान स्टीफन हार्पर यांनी संसदेत क्षमा मागितली. सत्य आणि सलोखा आयोगाने इ.स. २०१५ मध्ये ९४ शिफारशी केल्या. मूलनिवासी भाषांचे जतन हा त्यांतील एक विषय आहे.

तत्सम कल्पना

इस्माईल कादारे यांच्या 'स्वप्नांचा महाल' (१९८१) या अल्बेनियन कादंबरीत सरकारी खाते प्रजेची स्वप्ने गोळा करून तपासते. तेथे यंत्राचे काम कारकून करतात. यासुताका त्सुत्सुई यांच्या 'पॅप्रिका' (१९९३) मध्ये दुसऱ्याच्या स्वप्नात शिरण्याचे उपकरण आहे. वास्तवात, इ.स. २०१३ मध्ये जपानी संशोधकांनी तीन व्यक्तींच्या मेंदूची एमआरआय चित्रे तपासून झोप लागतानाच्या दृश्यांत कोणत्या प्रकारच्या वस्तू होत्या याचा अंदाज बांधला होता.

पुरस्कार आणि उत्तरभाग

कादंबरीला इ.स. २०१७ मध्ये कॅनडाचा गव्हर्नर जनरल पुरस्कार आणि अमेरिकेतील कर्कस पुरस्कार मिळाला. दोन्ही बाल-किशोर साहित्य विभागांत. 'हंटिंग बाय स्टार्स' (२०२१) या उत्तरभागात फ्रेंची स्वतःच शाळेत कैद होतो आणि तेथे त्याची भरतीवाल्यांच्या बाजूने काम करणाऱ्या मिचशी गाठ पडते.