महिरप: आधी शब्द, मग पोकळी

गणितातला महिरपी कंस, देव्हाऱ्याची महिरप, गणपतीच्या मखराची महिरप. या शब्दाचे मूळ अरबी 'मिहराब' आहे. फारसीच्या वाटेने तो मराठीत आला. येताना कमानीची रेघ राहिली, आतली पोकळी गळली.

मशिदीत मिहराब म्हणजे किब्ल्याच्या भिंतीतला कोनाडा. त्याच्यासमोर इमाम उभे राहतात. पण कुरआनात हा शब्द आला तेव्हा असा कोनाडाच नव्हता. सूरह आले-इम्रानमध्ये हजरत जकरिया मिहराबात जातात, तेव्हा हजरत मरियमजवळ त्यांना अन्न दिसते. सूरह सादमध्ये तंटा घेऊन आलेले लोक भिंत चढून हजरत दाऊद यांच्या मिहराबात शिरतात. भिंत चढून कोनाड्यात कोण शिरेल? इथे अर्थ आहे दालन, इबादतीची एकांत खोली. जुन्या अरबीत महालातल्या मानाच्या जागेलाही हाच शब्द होता.

'हर्ब' म्हणजे युद्ध, म्हणून मिहराब ही सैतानाशी लढण्याची जागा, असे बयानात सांगतात. ऐकायला छान आहे, पण महालातल्या दालनाला ते लागू पडत नाही. अभ्यासकांचेही व्युत्पत्तीवर एकमत नाही.

पोकळी आली ती पैगंबरांनंतर सुमारे पंच्याहत्तर वर्षांनी. खलिफा वलीदच्या काळात, इ.स. 707 ते 709 दरम्यान, मदिनेचे सुभेदार उमर बिन अब्दुल अजीज यांनी मशिदे नबवी नव्याने बांधली, तेव्हा भिंतीत खोलगट मिहराब केला. तो कोप्टिक, म्हणजे इजिप्तच्या ख्रिस्ती, गवंड्यांनी घडवला अशी परंपरा आहे. पुढे पंधराव्या शतकातल्या इमाम सुयूती यांनी मिहराब ही बिदअत आहे, असे सांगणारी पुस्तिकाच लिहिली. ती फारशी कुणी मनावर घेतली नाही. विजापूरच्या जामा मशिदीचा सोनेरी मिहराब तर त्यानंतरचा, मुहम्मद आदिलशाहाच्या काळातला.

नवी गोष्ट म्हटली की बिदअतचा शिक्का मारणाऱ्यांनी हा इतिहास जरूर वाचावा. आणखी एक. मुसहफच्या क्रमाने मिहराबाचा पहिला उल्लेख येतो तो एका स्त्रीच्या खोलीचा. तुर्कस्तानातल्या अनेक उस्मानी मशिदींत मिहराबावर तीच मरियमची आयत कोरलेली दिसते. आपल्या बहुतेक मोहल्ल्यांत मात्र मरियम नावाच्या मुलीला मशिदीतला मिहराब दारातूनच पाहावा लागतो, तोही दार उघडे असले तर.