नाच, मेहनत आणि अब्रू

शाळेचे स्नेहसंमेलन जवळ आले की आमच्याकडे एक तक्रार हमखास येते. मागे एका विद्यार्थ्याचे वालिद वर्गाच्या दाराशी येऊन उभे राहिले. यंत्रमागावरची रात्रपाळी करून आलेले, केसांत सुताचे कण. म्हणाले, "सर, पोरगे को पढने को भेजे हम, नाचने को नहीं." मुलगा हिप-हॉपचा नाच बसवत होता. आम्ही त्यांना चहा पाजला, पण उत्तर सुचले नाही. ते शोधायला इतिहासाकडे जावे लागले.

हिप-हॉप हा श्रीमंतांचा शौक नव्हे. 11 ऑगस्ट 1973 रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात जमैकाहून आलेल्या कुटुंबातील एका तरुणाने बहिणीच्या पार्टीत तबकड्या वाजवल्या. त्याचे नाव कूल हर्क. गाण्यातला फक्त वाद्यांचा तुकडा, म्हणजे 'ब्रेक', तो दोन तबकड्यांवर लांबवत नेई आणि त्यावर पोरे नाचत. ब्राँक्समध्ये तेव्हा कामधंदे गेले होते, वस्तीतून महामार्ग काढला होता, घरे जळत होती. जुनी मिल बंद पडलेली पाहिलेल्या सोलापूरकरांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

आपल्याकडे हा नाच घरोघर पोहोचवणाऱ्यांत जावेद जाफरी यांचे नाव आधी येते. विनोदी अभिनेते जगदीप यांचे हे चिरंजीव 1985 च्या 'मेरी जंग'मध्ये नाचले. 1996 पासून भाऊ नावेद आणि रवी बहल यांच्यासह त्यांनी 'बूगी वूगी' हा दूरचित्रवाणी कार्यक्रम चालवला. त्यामुळे गल्लीतल्या पोरांना मंच दिसला.

याच वाटेने पुढे वसई-नालासोपारा भागातले सुरेश मुकुंद आले. वर्नन मोंटेरो यांच्यासह त्यांनी पथक उभे केले आणि 2011 मध्ये 'इंडियाज गॉट टॅलेंट' जिंकले. पुढच्या वर्षी अमेरिकेत जागतिक हिप-हॉप स्पर्धेत ते उतरले. त्यांच्या प्रवासावर बेतलेला रेमो डिसोझा यांचा 'एबीसीडी 2' 2015 मध्ये आला. चित्रपटातल्या पथकावर नक्कल केल्याचा डाग लागतो आणि तो धुण्यासाठी ते धडपडते. 2019 मध्ये मुकुंद यांच्या 'द किंग्ज' या 14 जणांच्या पथकाने अमेरिकेतील 'वर्ल्ड ऑफ डान्स' स्पर्धा जिंकली. अंतिम फेरीत शंभरपैकी शंभर गुण आणि 10 लाख डॉलरचे बक्षीस मिळाले.

नृत्यदिग्दर्शकाचे काम नुसते नाचण्याचे नसते. आठ-आठ मात्रांत गाणे तोडायचे, कोण कुठून कुठे जाईल हे आखायचे, हवेत उडालेल्या साथीदाराला कोणते हात झेलतील हे ठरवायचे. एक हात चुकला तर हाड मोडते. मागावर एक धागा तुटला की कापडात दोष उतरतो, तसेच हे.

मग आपल्या समाजात 'नाच' हा शब्द शिवीसारखा का उच्चारला जातो? धर्माच्या मर्यादेचा प्रश्न आहे. तो आम्ही नाकारत नाही. पण ज्या जिल्ह्यात बार्शीच्या शाहीर अमर शेखांची डफावरची थाप घुमली, तिथे कलेकडे सरसकट पाठ फिरवता येणार नाही. शिवाय यात अब्रूपेक्षा गरिबीची भीती जास्त असते. नाचून पोट भरेल का, हा बापाचा खरा सवाल असतो, आणि तो रास्त आहे. एक मुकुंद जगभर गाजतो, तेव्हा हजारो पोरे गल्लीतच राहतात.

2024 च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ब्रेकिंगचा समावेश झाला. तिथे निर्वासितांच्या संघातून अफगाण मुलगी मनिझा तलाश नाचली. अफगाण स्त्रियांच्या मुक्तीची मागणी लिहिलेले वस्त्र तिने मंचावर उलगडले. राजकीय घोषणा म्हणून ती अपात्र ठरली. तिला पदक नको होते असे नव्हे; पण त्या क्षणी तिने आपल्या बहिणींची बाजू घेतली. हा नाच बेअब्रूचा होता, असे कोण म्हणेल?

त्या वालिदांना आम्ही पुन्हा बोलावले. म्हणालो, "चाचा, दहावीचा अभ्यास आम्ही करून घेतो. तासभर त्याला नाचू द्या." ते बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "हड्डी टूटी तो?"

त्या दिवसापासून आम्ही तालमीला स्वतः हजर राहतो. पोरे उडी घेतात, तेव्हा खाली सतरंज्यांची चवड आम्हीच घालतो.