राज्य आपलं झालं म्हणजे काय झालं?

एक मेला गावात झेंडा लागतो, शाळेत निकाल मिळतो. महाराष्ट्र दिन एवढंच आपल्याला माहीत. पण १९६० च्या आधी महाराष्ट्र नावाचं राज्यच नव्हतं. आपला नाशिक जिल्हा मुंबई राज्यात होता, आणि १ नोव्हेंबर १९५६ ला त्या राज्यात मराठवाडा, विदर्भ, सौराष्ट्र आणि कच्छही घातले. मराठी आणि गुजराती यांचा एकच संसार. त्याला द्विभाषिक म्हणत.

मराठी माणसांना ते नको होतं, आणि मुंबई तर सोडायची नव्हतीच. मुंबईत मोर्चांवर गोळ्या झाडल्या गेल्या. या लढ्यात १०५ माणसं गेली असं आपण सांगत आलो. अर्थमंत्री चिंतामणराव देशमुखांनी १९५६ मध्ये मंत्रिपद सोडलं. अमर शेख, अण्णा भाऊ साठे यांनी डफावर लोक जागे केले. अहिल्याताई रांगणेकरांसारख्या बायका मोर्चात पुढे होत्या. १९५७ च्या निवडणुकीत आपल्या नाशिकनं दादासाहेब गायकवाडांना लोकसभेत पाठवलं. शेवटी १ मे १९६० ला यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री झाले. बेळगाव मात्र राहिलं, आणि आपल्या सुरगाण्याला लागून असलेला डांगही गुजरातला गेला.

मग आपल्याला काय मिळालं? पहिलं म्हणजे भाषा. १९६४ च्या राजभाषा कायद्यानं राज्याचा कारभार मराठीत करायचा ठरलं. कागद वाचता येतो तेव्हा सही करताना हात थरथरत नाही, हे गटातल्या बाईला वेगळं सांगायला नको.

दुसरं त्याहून मोठं. १९७२ चा दुष्काळ आपल्या सासवांनी पाहिला. सिन्नरचा पूर्व भाग तर पावसाला कायमच पारखा. त्या दुष्काळात बायकांनी खडी फोडली, बांध घातले, लेकरू झाडाखाली झोळीत टाकून. त्यातूनच महाराष्ट्रानं रोजगार हमी कायदा केला, १९७७ साली. मागेल त्याला काम, हा हक्क झाला. पैसा उभा करायला नोकरदारांवर व्यवसाय कर बसवला. म्हणजे शहरातल्या पगारातून खेड्यातली मजुरी. दिल्लीनं असाच कायदा २००५ मध्ये केला, आपल्यानंतर जवळजवळ तीस वर्षांनी. राज्याच्या हातात कायदा आणि कर दोन्ही होते म्हणून हे जमलं.

हे दोन्ही हातात नसले तर काय होतं ते उझबेकिस्तानात दिसतं. लालबहादूर शास्त्री जिथं गेले ते ताश्कंद त्याची राजधानी. सोव्हिएत संघात अशी पंधरा प्रजासत्ताकं होती. उझबेकिस्तान १९२४ मध्ये झालं. त्याला स्वतःची भाषा, शाळा, विधानमंडळ, सगळं होतं. राज्यघटनेत तर संघातून बाहेर पडायचा हक्कसुद्धा लिहिला होता. आपल्या राज्यांना तो नाही, उलट आपली हद्द बदलायचा अधिकार संसदेला आहे. कागदावर त्यांचं पारडं जड. पण शेतात काय पेरायचं हे मॉस्को ठरवी, आणि मॉस्कोला कापूस हवा होता. दोन मोठ्या नद्यांचं पाणी कापसाकडे वळवलं. वेचणीला बायका जात, शाळा बंद ठेवून पोरंही जात. त्या नद्या ज्या अरल समुद्राला मिळत तो आटत गेला, मासेमारीची गावं कोरडी पडली आणि मिठाची धूळ उडू लागली. १९९१ मध्ये देश स्वतंत्र झाला, पण पाणी काही परत आलं नाही.

आपल्याकडे सगळं नीट आहे असं मात्र मी म्हणणार नाही. २०२२ च्या शेवटी सुरगाणा तालुक्यातल्या काही गावांनी आम्हाला गुजरातला जोडा अशी मागणी केली. रस्ता नाही, पाणी नाही, दवाखाना लांब, आणि हद्दीपलीकडे सोयी दिसतात, हे त्यांचं कारण. काहींना राग आला, हुतात्म्यांचा अपमान म्हणाले. मला त्या गावांचा राग येत नाही. डोक्यावर हंडा घेऊन डोंगर चढणाऱ्या बाईनं मुंबईकडे बघायचं की पलीकडच्या नळाकडे? तेव्हा अधिकारी धावले, आश्वासनं दिली, बोलणं थांबलं. येत्या मासिक बैठकीत आपल्या गावात रोजगार हमीची किती कामं मंजूर आहेत आणि किती सुरू आहेत, ते ग्रामसेवक भाऊंना विचारून लिहून आणा.