बे पोढियो

मी घोडेगावचा. नोकरीची सारी वर्षे मात्र जुन्नर तालुक्यातल्या शाळांत गेली. दरवर्षी मुलांना शिवनेरीवर नेत असे. शिवजन्मस्थान, शिवाई देवी, गंगा-जमुना टाकी पाहून झाली की सावलीला बसवून मी त्यांना याच डोंगरातल्या लेण्यांवरची एक ओळ म्हणायला लावायचो : ‘यवनस इरिलस गतान देयधम बे पोढियो’. ‘गत’ म्हणवणाऱ्यांपैकी इरिल नावाच्या यवनाचे, म्हणजे परदेशी माणसाचे दान, दोन पोढ्या. पोढी म्हणजे खडकात खोदलेले पाण्याचे टाके. ‘बे’ ऐकले की मुले चमकायची. बे एके बे! पाढ्यातला शब्द जवळपास दोन हजार वर्षांपूर्वीच्या ब्राह्मी लेखात भेटायचा.

परदेशी शिष्य म्हटले की आपल्याला कोरेगाव पार्क आठवते, गणेशपुरी आठवते. १९२५ साली साबरमतीला येऊन मीराबेन झालेली मॅडेलिन स्लेड आठवते. जुन्नरकरांनी मात्र आधी इरिलाचे नाव घ्यायला हवे, असे मला मनापासून वाटते.

यवन म्हणजे मुळात ग्रीक, पुढे पश्चिमेकडून आलेला कोणीही. हे लोक आले व्यापाराच्या वाटेने. कल्याण बंदरात माल उतरायचा, नाणेघाट चढून जुन्नरला यायचा आणि पुढे पैठणकडे जायचा. घाटातला दगडी रांजण आजही जागेवर आहे. जुन्नरभोवतीच्या डोंगरांत दोनशेच्या आसपास लेणी खोदली गेली, ती याच वाटेवरच्या दानावर. पण नफा कमावून परत जाणाऱ्या माणसाने बौद्ध भिक्खूंसाठी टाकी का खोदवावीत? नुसत्या व्यापाराने याचे उत्तर मिळत नाही. तिथे श्रद्धाच मानावी लागते.

दुसरा यवन चिट. त्याने संघाला ‘भोजणमटपो’ दिला, भोजनमंडप. भिक्खूंचे जेवण माध्यान्हीच्या आत उरकायचे, हा विनयाचा नियम. म्हणजे रोज सकाळी भिक्षा घेऊन परतलेल्यांची पंगत याच छपराखाली बसत असणार. चिटाच्या लेखात ‘यवनस’ या शब्दाच्या एका अंगाला त्रिरत्न आहे, दुसऱ्या अंगाला स्वस्तिक. आपण परके आहोत हे त्याने लपवले नाही. पहिलाच शब्द तो, आणि त्याच्या दोन्ही बाजूंना नव्या धर्माची खूण.

तिसरा चंद, जुन्नरजवळच्याच मानमोडीच्या डोंगरावरचा. तिथल्या चैत्यगृहाचे ‘गभदार’, म्हणजे दर्शनी भाग, हे त्याचे दान.

हे तिघे भिक्खू नव्हते, दान देणारे उपासक होते. हा फरक मी मुलांनाही सांगायचो. आश्रमात राहणारा शिष्य वेगळा आणि आश्रम चालावा म्हणून हात सैल सोडणारा वेगळा. तरी नावे पाहा. चिट आणि चंद ही इथल्या बोलीत सहज बसणारी नावे आहेत, इरिल मात्र परकेच वाटते. नाशिकच्या पांडवलेण्यात तर दात्तामित्रीचा यवन इंद्राग्निदत्त आहे आणि त्याच्या बापाचे नाव धम्मदेव. म्हणजे त्या घरात दोन पिढ्या इथलीच नावे होती. कार्ल्याच्या चैत्यातले कितीतरी खांबही धेनुकाकटच्या यवनांचे दान आहेत.

तिघांत माझा जीव इरिलावर. शिवनेरीला पाऊस उदंड, पण दिवाळी सरली की डोंगर सुकायला लागतो. फाल्गुनात कातळावर पाय ठरत नाही. तेव्हा या डोंगरावर राहणाऱ्याला काय लागते, हे त्या परदेशी माणसाने नेमके ओळखले होते. त्याने मूर्ती दिली नाही, पाणी दिले.

माझ्या शेवटच्या सहलीत एका टाक्यात प्लास्टिकच्या बाटल्या तरंगत होत्या, आणि लेण्याच्या भिंतीवर कोणीतरी खिळ्याने आपले नाव कोरले होते. मुलांनी हात पोचतील तेवढ्या बाटल्या काढल्या. शिवनेरीवर याल तेव्हा टाक्यांत काही टाकू नका आणि दगडावर नाव कोरू नका. तिथे इरिलाचे नाव आहे, आणि ते त्याने दोन टाकी देऊन मिळवलेले आहे.